मंजुरीस्तव सादर

सुपडू आबांना किलोमीटर मान्य नव्हता. अंतर ते खांबांत सांगायचे. आमच्या गावापासून भडगाव एकशे बेचाळीस खांब, गिरणेचा घाट एकोणीस खांब, आणि त्यांच्या घरापासून आमचं घर सहा खांब, त्यातला एक वाकडा. टेलिफोन खात्यात लाइनमन म्हणून त्यांनी उभा जन्म या खांबांवर चढण्या-उतरण्यात घालवला. पुढे मोबाइल आले, तारा गेल्या, खांबही कोणी कोणी उपटून गोठ्याला लावले. पण आबांच्या हिशेबात ते सगळे जागच्या जागी उभे होते. परगावच्या पाहुण्याला पत्ता सांगताना ते बिनदिक्कत म्हणत, "सरळ जाय भो, तेविसावा खांबवर डावीकडे वळ." पाहुणा बिचारा मोकळ्या रस्त्याकडे बघत राही.

दिसायला काटक, उन्हानं करपलेले. खाकी पॅन्ट, पांढरा सदरा, खांद्यावर रुमाल आणि कमरेला चामड्याचं पाकीट. त्या पाकिटात पक्कड, दोन स्क्रूड्रायव्हर, काळी चिकटपट्टी आणि चार लवंगा. निवृत्त झाल्यावरही ते पाकीट उतरलं नाही. लग्नाच्या पंगतीत आबा बसले की शेजारच्याला पक्कड टोचायची. कोणी चेष्टा केली की लवंग दाताखाली धरून म्हणत, "तुना पोटम्हा दुखी तं डाक्टरकडे जाशी. मांडवना दिवा गया तं कोनकडे जाशी?" आणि खरोखरच दर दोन लग्नांत एकदा तरी मांडवातले दिवे जात आणि आबांना भरल्या ताटावरून उठावं लागे.

आमच्या घरी फोन बसवायला ते आले तेव्हा मी आठेक वर्षांची असेन. माझे वडील गावच्या शाळेत मास्तर. गावातल्या पहिल्या काही फोनांत आमचा नंबर लागला, म्हणून त्यांना कोण आनंद! पुढच्या खोलीत टेबल मांडलेलं, त्यावर आईनं विणलेलं कापड अंथरलेलं. आबा सायकलवरून वायरचं भेंडोळं घेऊन आले आणि तासभर त्यांनी कशालाही हात लावला नाही. चहा घेतला. बशीत ओतून, फुंकर मारून, सावकाश. आई स्वयंपाकघरातून पुढे, पुढून मागच्या अंगणात, पुन्हा चुलीपाशी अशी फिरत होती, तिच्याकडे बघत राहिले. मग म्हणाले, "वहिनी, दिवसभर तुम्हीन जास्ती कोठे ऱ्हातस?"

आई एकदम संकोचली. तिला हे कधी कोणी विचारलंच नव्हतं. तिनं नुसतं मागे बोट दाखवलं. आबांनी फोन पुढच्या खोलीत न बसवता स्वयंपाकघराच्या दाराशी भिंतीला ठोकला. वडील नाराज झाले. म्हणाले, "आबा, आल्यागेल्याला दिसला पाहिजे फोन." आबा म्हणाले, "मास्तर, फोन दखाले नही, उचलाले ऱ्हास. आनि उचलनार कोन? तुम्हीन तं शाळाम्हा." वडील महिनाभर फुगून होते. आईनं मात्र पुढे कितीतरी वर्षं आबा दिसले की त्यांच्या हातावर काहीतरी खायला ठेवलं.

"आधी जागा, मंग वायर." हे त्यांचं वाक्य गावातल्या लहान पोरांनाही पाठ होतं. जागा पाहिल्याशिवाय ते कशाबद्दलच मत देत नसत. मुलगी दाखवायच्या कार्यक्रमाला त्यांना कोणी बरोबर नेलं, तर मुलीला प्रश्न विचारायचं सोडून ते घराच्या मागच्या बाजूला जाऊन मोरी बघून येत. त्यांचं म्हणणं, माणसं पुढच्या खोलीत खोटं बोलू शकतात, मोरीत नाही.

त्यांची दुसरी एक रीत होती, ती मात्र सांगायलाच हवी, कारण पुढचं सगळं तिच्यावरूनच घडलं. कुठेही नवी लाइन टाकायची तर आबा आधी पाहणी करत आणि कागदावर नकाशा काढत. खांब कुठे, झाड कुठे, नाला कुठे. खाली लिहीत, "मंजुरीस्तव सादर," आणि साहेबांच्या सहीसाठी एक आडवी रेघ ओढून ठेवत. एकदा एका वाडीची लाइन नाल्याच्या वरून न्यायची की खालून, असा प्रश्न होता. आबांनी कागदावर स्पष्ट लिहिलं, वरून न्यावी, खाली पूर येतो. साहेबांनी कागद न वाचताच खालच्या वाटेवर सही ठोकली. आबांनी मुकाट्यानं खालून लाइन टाकली, आणि पहिल्याच पावसाळ्यात ती नाल्यानं नेली. मग पंधरा दिवस चिखलात उभं राहून तीच लाइन पुन्हा वरून ओढली. माझ्या वडिलांनी विचारलं, "अहो, तेव्हाच तोंड का नाही उघडलंत?" आबा म्हणाले, "मास्तर, जे सांगानं ते कागदवर सांगेल व्हतं. साहेबनी देखीसन सही करी. सहीना फुडे लाइनमननी बोलानं नही. त्याले वरथून दिसस, आपले खालथून."

वडील त्यांना भोळसट म्हणाले. मीसुद्धा खूप दिवस तेच समजत होते. साहेबानं कागद वाचलाय असं धरून चालणं ही त्यांची साहेबावरची मेहेरबानी होती, हे मला फार उशिरा कळलं.

मी धुळ्याला इंजिनियरिंग केलं. नेटवर्कच्या कामाची नोकरी जळगावला मिळाली आणि तिथल्याच मेहरूण भागात तिसऱ्या मजल्यावर फ्लॅट घेतला. डिग्रीचे पेढे द्यायला गेले त्या दिवसापासून आबा मला "वैशू" म्हणायचं थांबले आणि "म्याडम" म्हणायला लागले. मी म्हटलं, आबा, हे काय नवीन? म्हणाले, "आपला गावम्हा पयली इंजिनियर शे. माले म्हनू दे." पहिल्यांदा मी हटकलं, दुसऱ्यांदा हटकलं नाही. खरं सांगायचं तर मला ते आवडायला लागलं. त्याच सुमारास कधीतरी मी त्यांच्याशी अहिराणीत बोलायचंही सोडलं. मुद्दाम नव्हे, तोंडात ऑफिसची मराठी बसली एवढंच. ते त्यांच्या बोलीत विचारत, मी पुस्तकी मराठीत उत्तर देई, आणि त्यात काही चुकतंय असं मला वाटत नसे.

आबांची बायको आधीच गेलेली. एकुलता एक मुलगा या गोष्टीच्या दोन वर्षं आधी आजारपणात गेला आणि घरात आबा आणि सून सुनंदा अशी दोघंच उरली. सुनंदा दोंडाईच्याची. बी.ए. झालेली, टायपिंग येणारी, बोलायला कमी आणि लिहायला सुरेख. तिचा भाऊ दर महिन्याला येऊन म्हणे, चल घरी, इथे तुझं काय राहिलंय? सुनंदा नाही म्हणायची. तिनं आबांना एकदाच सांगितलं होतं, "माले अठेच राहानं शे. पन नुसतं बठीसन खावानं नही."

मग तिला एक काम मिळायच्या बेतात आलं. पुण्याच्या एका कंपनीला मराठीतून लेखी तक्रारींना उत्तरं देणारी माणसं हवी होती. घरी बसून. लेखी परीक्षा ती पहिल्या झटक्यात पास झाली. उरली एकच अट. मोबाइलचा हॉटस्पॉट चालणार नाही, घरी कायमचं इंटरनेट पाहिजे, आणि एका ठरलेल्या सोमवारी अकरा वाजता कंपनी तिकडून त्याची चाचणी घेणार. पास झालं तर काम, नाही तर पुढचा उमेदवार. भावानंही कबूल केलं होतं की काम लागलं तर तो पुन्हा विषय काढणार नाही. म्हणजे सुनंदा कुठे राहणार हे त्या एका चाचणीवर ठरणार होतं.

आबांचा मला फोन आला. "म्याडम, फायबर भडगावपावत येल शे, फुडे नही. सिमवाला राउटर लागी. कोनता लेवाना, तू सांग."

मी म्हटलं, "सोपं आहे आबा, मी पाठवते."

"तू ये ना एक डाव. जागा देखी ले."

"आबा, आता जागा बघावी लागत नाही. सगळं इथून कळतं."

हे मी बोलले. त्यांना बोलले. आज हे लिहितानाही कान तापतात.

ते म्हणाले, "मंग मी देखी लेस. कागद धाडस तुले."

चार दिवसांनी व्हॉट्सॲपवर त्यांचा फोटो आला. मी मीटिंगमध्ये होते. फोटो उघडला नाही. खाली अंगठ्याचं चित्र पाठवलं आणि फोन उलटा ठेवला. त्या दिवसात मी असे तीसेक अंगठे पाठवले असतील.

मग एका दुपारी मी राउटर घेतला. फार विचार केला नाही. माझ्या घरी जो होता तोच, त्याच कंपनीचा. माझ्याकडे छान चालतो म्हणजे कुठेही चालेल, इतकीच माझी इंजिनियरिंग. तो एकाच कंपनीच्या सिमला बांधलेला होता, दुसरं सिम त्यात चालणार नव्हतं. याला आमच्या भाषेत लॉक म्हणतात, आणि खेड्यात राउटर देताना पहिला प्रश्न तोच विचारायचा असतो, हे मी स्वतः नव्या मुलांना शिकवते. मेहरूणच्या खिडकीत ठेवून मी तो सुरू केला, पासवर्ड घातला, सगळे दिवे हिरवे लागले. खोक्यावर चिठ्ठी चिकटवली, "फक्त प्लगला लावा," आणि गावाकडे निघालेल्या एका ओळखीच्या बाईच्या हाती देऊन टाकला. एक काम हातावेगळं झालं म्हणून मला बरंसुद्धा वाटलं.

खोकं गुरुवारी पोचलं. पुढच्या तीन दिवसांत काय झालं ते मला नंतर आबांकडूनच कळलं, तेही खोदून खोदून विचारल्यावर. खोक्यावरचं कंपनीचं नाव बघून सुनंदा म्हणाली, "आबा, हाई कंपनीनी रेंज आपला गावम्हा कोठे शे?" आबांनी चष्मा लावून नाव वाचलं. मग म्हणाले, "म्याडमनी मना कागद देखेल शे. पास करेल शे. तिले काईतरी जास्ती म्हाईत व्हई." आणि कामाला लागले. राउटर खिडकीत ठेवला, गच्चीवर ठेवला, पाण्याच्या टाकीवर ठेवला. बांबूला बांधून निंबाच्या झाडात उंच धरला, खालून सुनंदा ओरडून सांगायची, लाल शे, अजून लालच शे. शनिवारी सुनंदा म्हणाली, ताईंना फोन करू. आबा म्हणाले, "सही व्हयेल शे. आते आपली मेहनत कमी पडी ऱ्हायनी."

सोमवारी दहाच्या सुमारास अखेर सुनंदानं न विचारताच मला फोन लावला. मी पुन्हा कुठल्याशा मीटिंगमध्ये होते. बाहेर आले ती चिडूनच. म्हटलं, व्हिडिओ लाव, दाखव काय केलंय ते. तिच्या मोबाइलच्या नेटवर चित्र आलं. राउटर देवघरात होता. मागच्या जुन्या खोलीत, हातभर जाड मातीच्या भिंतीत, कोनाड्यात. त्याला हळदकुंकू लावलेलं आणि वर झेंडूचं फूल. आमच्याकडे घरात नवी वस्तू आली की एक सकाळ ती देवांपुढे बसते. शिलाई मशीन बसतं, मिक्सर बसतो. त्या सकाळी, परीक्षेच्या दिवशी, सुनंदानं तो घटकाभर तिथे ठेवला होता.

मी जे बोलले ते शब्दाला शब्द आठवतं. "आबा, राउटर देवात ठेवतात का? मातीच्या भिंतीतून सिग्नल येईल का? जन्मभर तारा ओढल्या म्हणजे यातलं कळतं असं नसतं. विचारायचं होतं ना मला! एवढं सोपं करून पाठवलं होतं."

फोन स्पीकरवर होता. खोलीत सुनंदा होती, आदल्या संध्याकाळी येऊन राहिलेला तिचा भाऊ होता, आणि कौतुक बघायला आलेल्या गल्लीतल्या दोन-तीन बायका होत्या. मग आबांचा आवाज आला. "मनी चूक झायी म्याडम. काढी लेस."

राउटर ठेवला होता सुनंदानं. त्यांनी तिचं नाव घेतलं नाही. कागदाचंही घेतलं नाही. मी "बघा आता काय होतंय ते" म्हणून फोन ठेवला आणि आत जाऊन बसले.

अकरा वाजता चाचणी झाली नाही. कंपनीनं अर्धा तास वाट बघितली आणि नाव कापलं. भाऊ म्हणे शांतपणेच बोलला. "आबा, तुमना लाइनना जमाना गया. आते सुनंदाले आम्हीन लई जातस." आठवड्याभरात ती दोंडाईच्याला गेली. मला कळलं तेव्हा मी हळहळले, आणि ऑफिसात जेवताना गोष्ट रंगवून सांगितली की आमच्या गावच्या एका आबांनी राउटर देवघरात ठेवला. सगळे हसले. मीही हसले.

दोन महिन्यांनी चुलतभावाच्या घरभरणीला गावी गेले. आबांकडे जावंच लागणार होतं. ते अंगणात खाटेवर लवंग चघळत बसले होते. उठून उभे राहिले. मी वयानं त्यांच्या लेकीएवढी, आणि ते माझ्यासाठी उभे राहिले. घरात एकट्या माणसाची भांडी होती, एक ताट, एक पेला. उपकार केल्यासारखं मी म्हटलं, "आणा तो राउटर, बघते काय झालंय." गच्चीवर गेले. सहज स्वतःचा मोबाइल पाहिला. त्यात त्याच कंपनीचं सिम होतं, घरच्या राउटरबरोबर घेतलेलं; ते घेतल्यापासून गावी येणं झालं नव्हतं. वर रेंजच्या जागी फुली. टाकीपाशी गेले, फुली. चारही कोपऱ्यांत फिरले. फुलीच.

मी मोबाइल बंद करून पुन्हा चालू केला. फुली गेली नाही.

"आबा, या कंपनीचा टॉवर इथे नाहीच."

"नही शे."

"तुम्हाला माहीत होतं?"

"लिखेल व्हतं ना कागदम्हा. तुनी पास करं. अंगठा धाडा व्हता."

टोमणा नव्हता त्यात. असता तर बरं झालं असतं. मी व्हॉट्सॲप उघडून मागे मागे गेले. फोटो तिथेच होता, धुरकट, मध्ये खाली जायचा बाण. इतक्या दिवसांत तो माझ्या फोनवर उतरलेलाच नव्हता. मी बाण दाबला. रेंज नव्हती, चाक नुसतं गरगरत राहिलं. आबा माझ्या खांद्यावरून बघत होते. त्यांना काय ते समजलं. ते खाली गेले आणि मूळ कागद घेऊन आले.

कॅलेंडरच्या पानाची मागची बाजू. पट्टीनं आखलेली. घराचा नकाशा, गच्ची, टाकी, निंबाचं झाड, मातीच्या भिंती जाड रेघेनं दाखवलेल्या आणि त्यावर लिहिलेलं, "येथे चालणार नाही." गल्लीतून तीन कंपन्यांचे तीन फोन मागून आणून सकाळ, दुपार, संध्याकाळ चार-चार जागी किती रेंज येते त्याचा तक्ता. पहिल्या कंपनीपुढे सगळीकडे शून्य. ती माझी कंपनी. तिसरीपुढे टाकीच्या उत्तर कोपऱ्यात चांगले आकडे, आणि शेजारी टॉवर कोणत्या दिशेला आहे त्याचा बाण. खाली सुवाच्य अक्षरात: "राउटर खुला घ्यावा, तिसऱ्या कंपनीचे सिम. बाहेरचा अँटेना लावण्याची सोय असावी. वायर खिडकीतून खाली घेता येईल. सुनंदाची बसण्याची जागा खिडकीशी, उजेड डाव्या हाताने. मंजुरीस्तव सादर." आणि त्याखाली मोकळी आडवी रेघ.

यात एक अक्षर बदलायला नको होतं. मी पगार घेऊन करते त्यापेक्षा हे काम चोख होतं. मी तो कागद हातात धरून टाकीला टेकून बसले आणि रडले. आबा घाबरले. म्हणाले, "म्याडम, ऊन शे, खाले चाल."

पुढच्या रविवारी मी कागदातल्यासारखाच राउटर घेऊन आले. खुला, तिसऱ्या कंपनीचं सिम, बाहेरचा अँटेना. मी फक्त हातात वस्तू देत होते. टाकीच्या कोपऱ्यावर आबा चढले, कागदातल्या बाणाप्रमाणे अँटेना फिरवला, वायर खिडकीतून आत घेतली. खिडकीशी एक जुनं टेबल त्यांनी रंधा मारून ठेवलेलं होतं, कधीचं ते मी विचारलं नाही. दिवे एकामागून एक हिरवे झाले. वेग मोजला. कंपनीला हवा होता त्याच्या दुपटीहून जास्त.

आबा टेबलापुढच्या रिकाम्या खुर्चीकडे बघून म्हणाले, "सुनंदाले दखाडू."

मी त्यांच्या मोबाइलवरून व्हिडिओ कॉल लावला. सुनंदा एका कापडाच्या दुकानात उभी होती, मागे तागे रचलेले. तिथे ती आता कामाला लागली होती. चेहरा उतरलेला, पण आबांना बघून हसली. चित्र स्वच्छ येत होतं, कुठे अडकत नव्हतं. तिच्या ते लक्षात आलं. तिनं विचारलं, "आबा, आते इतलं बेस चाली ऱ्हायनं. मंग तवय काय झालं व्हतं? मी म्हनत व्हतू ना, कंपनी चुकनी?"

मी आबांच्या शेजारीच बसले होते. चित्रात अर्धी दिसतही असेन. आबांनी माझ्याकडे पाहिलं नाही. म्हणाले, "नही वं पोरी, कंपनी बराबर व्हती. मनाच हातथून काईतरी बिघडनं व्हतं. म्याडम सोता उनी जळगावथून, नीट करी दिधं."

मग माझ्याशी बोलताना सुनंदानं शहरी मराठी घेतली. "ताई, बरं झालं तुम्ही आलात. आबांना एकट्याला करमत नाही तिथे. उपकार झाले."

मी म्हटलं, "हो."

तेवढंच म्हटलं. एक वाक्य पुरे होतं. माझी चूक, कागद मी वाचला नाही. ते माझ्या जिभेवर होतं, आणि मी "हो" म्हटलं. दोंडाईच्याचं दुकान कसं आहे, असंही काहीतरी विचारलं. आबांनी तिला विचारलं, कधी येशी? ती म्हणाली, "येसू ना, दिवाळीले येसू चार दिवस." चार दिवस, म्हणजे पाहुणी म्हणून. आबांनी मान हलवली.

नंतर मी त्यांना विचारलं, आबा, खोटं का सांगितलंत? ते पाकिटात पक्कड घालत होते. म्हणाले, "खाताम्हा आमनी रीत व्हती. लाइन बंद पडनी तं लाइनमननी. चालू झायी तं साहेबनी. आते सवय जास नही." मग चहाचं विचारलं. मी म्हटलं, बस चुकेल.

त्या पावसाळ्यात आबा झोपेतच गेले. मी दहाव्याला गेले होते. सुनंदाही आली होती, तिनं माझा हात हातात घेतला होता, आणि तेव्हाही मी काही बोलले नाही. तिचा नंबर माझ्याकडे आहे.

अँटेना बसवला त्या रविवारी मी निघाले तेव्हा बस आबांच्या घराच्या मागून गेली. खिडकीतून गच्ची दिसली. आबा टाकीशी उभे होते, एका हातात अँटेना घट्ट धरलेला, दुसऱ्या हातात मोबाइल तोंडापुढे. त्यांनी सुनंदाला पुन्हा फोन लावला होता आणि ते तिला सगळं फिरवून दाखवत होते, टाकी, झाड, खिडकी. बसकडे त्यांचं लक्ष नव्हतं. काय बोलत होते ते ऐकू येणं शक्य नव्हतं. पण माझं नाव निघालं असेल तर चांगलंच घेतलं असेल, याची मला पक्की खात्री होती, आणि तीच सोसवेना म्हणून मी खिडकीचा पडदा ओढून घेतला.